रीडिंग

मोबाइल सांगतो, सातारा, एकतीस अंश.
कुठला सातारा?
मी दिवसाला दोनशे मीटर वाचतो
आणि जवळजवळ प्रत्येक दारात वेगळी हवा उभी असते.

डिसेंबरात माची पेठेला दिवस दोन्ही टोकांनी तोकडा.
सकाळी किल्ला ऊन अडवून धरतो,
संध्याकाळ व्हायच्या आत यवतेश्वर ते काढून घेतो.
जुलेखा शिकलगार ब्लाऊज शिवते तिथं.
तिच्या फरशीवर मशीनच्या पायांचे ठसे तीन ठिकाणी आहेत:
थंडीतली जागा, उन्हाळ्यातली,
आणि पावसाळ्यातली, जिथं भिंत घाम धरत नाही.
मला म्हणाली, घर दोन खोल्यांचं, पण गावं तीन आहेत यात.

थंडी जड असते, हे मला पायांनी शिकवलं.
लोकांना वाटतं वर चढेल तसा गारठा.
पहाटे सहाला किल्ल्याच्या उतारावरून गोडोलीकडे या,
स्वेटरची बटणं उतरताना लावावी लागतात.
रात्री वारा पडला की थंडी ओढ्याची वाट धरते,
आवाज न करता, चोरपावलांनी,
आणि तळ्याकाठच्या खोलगटात साचून राहते.
तिथल्या मीटरच्या काचेवर दव.
बोटानं पुसायचं, मग आकडा.

पोवई नाक्यावर याच्या उलट.
रात्री दहाला तिथल्या एखाद्या भिंतीला हात लावून बघा,
भाकऱ्या संपल्यावरचा तवा.

आणि बोगदा.
वाऱ्याला तिथं अंग चोरावं लागतं, म्हणून तो चिडतो.
माझी टोपी दोनदा परळी खोऱ्यात गेली.
पलीकडं धो धो, अलीकडं माझा चष्मा कोरडा,
असं जुलैत कितीदा झालंय
ते मी कुणाला सांगत नाही, खोटं वाटतं.

सांगायचं होतं ते सदर बझारच्या बोळाबद्दल.
तिथं एक बुचाचं झाड होतं.
फेब्रुवारीत गटारीसाठी तोडलं.
मी एप्रिलात गेलो,
कासुर्डे: गेल्या उन्हाळ्यात शहाण्णव युनिट, यंदा एकशे एकेचाळीस.
सपकाळ, तसंच.
आवळ्यांच्या दारात पोचायच्या आतच आवाज,
तुमचा मीटर पळतोय!
तपासणीला काढून नेला. मीटर बरोबर होता.
पंखे पळत होते.
फ्रिज बंद व्हायचं नाव घेत नव्हता.
वरच्या मजल्यावर नवा एसी बसलाय, त्याचं यंत्र बोळात तोंड करून,
आतला उकाडा शेजारच्यांच्या खिडकीत ओततो.

चाळीस-पन्नास वर्षं ते झाड
चार घरांचं बिल भरत होतं.
पानांतून पाणी उडवत, सावली टाकत, फुकट.
त्याचं रीडिंग कुणी घेतलंच नाही.
मीही नाही. मी तर दर महिन्याला
त्याच्या बुंध्याला सायकल टेकवायचो.

यंत्रात शेरा मारायला ठरलेले शब्द आहेत:
घर बंद. काच धूसर. मीटर जळाला. कुत्रा आहे.
झाड नाही, असा शेरा नाही.
मग मी काय भरलं? सामान्य.

आज परत त्याच बोळात, दुपारी दीड.
बोळातलं तांबडं कुत्रं पूर्वी बुचाखाली
दिवसभर एका कुशीवर पडायचं.
आता विजेच्या खांबाच्या सावलीत झोपतं.
सावली हातभर रुंद, कुत्रं त्याहून जाड.
पाठ सावलीत, पोट उन्हात.
दर पाव तासानं उठतं,
सावली सरकली तेवढं सरकतं,
पुन्हा अंग टाकतं.

मला अजून चौदा घरं बाकी आहेत.
त्याच्या शेजारी उभा राहतो, डोकं तेवढं सावलीत धरून,
आणि ते उठेपर्यंत
मागचे आकडे तपासतो.