ताकिझुमीबाईंचा श्वास

नंदलालपुऱ्यात, लग्नपत्रिकांच्या छापखान्यावर
एक खोली आहे. भिंतींना गादीचा फोम, पंखा बंद.
आमचं रेकॉर्डिंग चालू की खालचं मशीन थांबवायचं,
असा तोंडी करार.
तिथे सात वर्षं, मंगळवार-शुक्रवार,
ताकिझुमीबाई, मी तुमच्या मागे
अर्ध्या श्वासावर उभी होते.

आधी तुम्ही, कानात. मग मी, हिंदीत.
पडद्यावर बारा वर्षांचा नावाडी पोरगा,
बावीस वर्षं बाराच वर्षांचा.
त्याचं वल्हं मोडे, त्याला सर्दी होई, तो खोटं बोले,
आणि एक पन्नाशीची, एक सत्तरीची बाई
त्याच्या घशात बसून समुद्राशी भांडत.

तुमची भाषा मला येत नाही.
पण क्रियापद तुमच्यातही शेवटी येतं,
जेवण झाल्यावर ताट उचलावं तसं.
म्हणून जमत गेलं.
श्वास मात्र तुमचा दोन टप्प्यांत, पहिला फसवा.
सुरुवातीला त्यावर भुलून
मी आधीच बोलून बसायचे.

सिसोदियांनी तुमची माहिती दिली, तुकड्यांत, चहा निवेपर्यंत.
कुठल्याशा बंदरावर बोटींच्या वेळा सांगायच्या म्हणे.
मग नाटक कंपनीत, पडद्यामागून
कुत्र्याचं भुंकणं, वारा, म्हातारीचा खोकला.
मग हा पोरगा. मग तोच पोरगा.
कंपनीच्या फोटोत तुम्ही शेवटच्या रांगेत, नुसता कान.
मी ऐकून घेतलं. सांगितलं नाही
की मीही मालवा हाऊसमध्ये मंडीचे भाव वाचायचे,
सोयाबीन, डॉलर चना, लसूण, नऊ वर्षं,
आणि रस्त्यात कुणी ओळखलं नाही.
फक्त एकदा, सराफ्यात, गराडू तळणाऱ्यानं
मसाला भुरभुरताना विचारलं, और?
मी म्हटलं, बस.
आणि त्यानं वर पाहिलं.

एकशे चाळिसाव्या भागात पोरगा धक्क्यावरून पडतो.
तुम्ही फक्त "आ" म्हणालात, लहानसा, कोरडा.
माझ्या तोंडून "आई गं" गेलं.
काचेपलीकडे सिसोदियांचं बोट वर.
"मॅडम, ये क्या बोला? एक और लेते हैं."
घेतला. नीट, मापात, आईशिवायचा.
रात्री रामबागेत जिना चढताना
कानात पहिलाच होता, पुसलेला.

परवा फिल्म सोसायटीच्या मुजुमदारांनी बोलावलं.
सव्वीस खुर्च्या, एक जपानी सिनेमा,
खाली इंग्रजी अक्षरं, माझा चष्मा घरी.
पाऊण तासानं एक म्हातारी आली, पाठमोरी,
तांदूळ धुऊ लागली.
शब्द नाही. पण खाली बसण्याआधी
तिनं नाकातून श्वास घेतला,
दोन टप्प्यांत, पहिला फसवा,
आणि मी खुर्चीचा हात घट्ट धरला.
अच्छा, असा चेहरा होता.
गालावर चामखीळ.
मी तुम्हाला उंच समजत होते.

अकरा मिनिटं आहात तुम्ही त्यात.
कुणाचा तरी बाप मरतो, तुम्ही भांडी पुसता.
कुणी काही विचारतं, तुम्ही मान हलवता.
जन्मभर आवाज विकून शेवटी चेहरा मिळाला
आणि दिग्दर्शकानं वाक्य दिलं नाही.
किंवा तुम्हीच नको म्हणालात.
मला तर वाटतं तुम्हीच.

शेवटी दारात उभ्या राहून तुम्ही ओठ हलवलेत.
बाहेरून आगगाडी जात होती, आवाज तिचाच.
अंधारात सव्वीस माणसं गप्प.
मी सवयीनं भरलं.
शेजारचा मुलगा वळला, "कुछ कहा, आंटी?"
"नहीं बेटा."

चार अक्षरं.
तुमच्या ओठांवर मी मोजली होती.
तीन.