सुकतवाडचं पंचांग

आजोशीच्या मानशीवर उपासोमामाची नेमणूक होती,
म्हणजे भरतीला दार लागलं का, ओहोटीला उघडलं का,
एवढंच बघायचं.
उरलेल्या वेळात त्यानं एक देश काढला.

देशाचं नाव सुकतवाड.
पाणी उतरलं की चिखलात दिसतो, चढलं की नसतो.
तिथं राजा नाही, मामलेदार नाही,
कर म्हणून वर्षाला तीन खुबे,
आणि दिवस आपल्यापेक्षा पन्नास मिनिटांनी मोठा,
कारण तो सूर्याला विचारत नाही.
दोन भरत्या झाल्या, दिवस झाला.

लहानात लहान माप शंका.
कुर्ली बिळाबाहेर डोळे काढते, माणूस बघते, आत जाते,
तेवढा वेळ एक शंका.
चाळीस शंकांची विडी.
वार दोनच, उधाणवार आणि भांगवार, आठवड्याआड एकेक.
अध्येमध्ये येतात ते सगळे नुसते 'मधले',
म्हणून तिथले लोक भेटले की आधी विचारतात,
कुठला मधला चाललाय?

महिने तेरा. नावं नऊच सुचली:
कोरगुट, सुंगट, काजवा, शेवटा, खारं वारं,
पुढची मला आठवत नाहीत.
राहिलेल्या चारांचं "मागीर पळोवया" म्हणाला.
त्या चार महिन्यांत सुकतवाडात लग्नं होत नाहीत.
पत्रिकेवर काय छापणार?

मी चौथीत. शाळेला उशीर झाला की सांगायचे,
आमच्याकडे अजून कालच आहे.
म्हांबरेबाईंनी छडी मारली आणि म्हणाल्या,
ही मग परवाची धर.

पुढे पणजीला लेखा खात्यात लागले.
तिथं वर्ष एकतीस मार्चला संपतं,
संपत नसेल तर रात्री दहापर्यंत बसून संपवतात.
मामाकडे जाणं चतुर्थीपुरतं उरलं.

तो गेला माघ वद्य अष्टमीला, पहाटे,
पाणी चढता चढता.
सुकतवाडात भांगवार.

मानशीवरची त्याची खोप मोडली तेव्हा
फळ्या आमच्या अंगणात आणून टाकल्या.
दोन्ही अंगांनी विळ्याच्या बारीक खाचा, दिवसाला एक.
मी मोजल्या. तीन रात्री लागल्या,
आणि खात्याच्या सवयीनं पुन्हा एकदा मोजल्या.
नोकरीच्या एक्केचाळीस वर्षांचे दिवस
चौदा हजार नऊशे पंचाहत्तर.
खाचा चौदा हजार चारशे अडुसष्ट.
पाचशे सात कमी.
आमच्याकडे ह्याला तूट म्हणतात
आणि कुणाच्या तरी पगारातून कापतात.

पण मामा एकही दिवस चुकलेला नव्हता.
त्याच्या हिशेबानं, तो मेला ती तारीख
अजून यायची आहे,
वर्ष, चार महिने आणि बरेच मधले.

आईला सांगितलं. ती आमसुलं उन्हात पसरत होती.
तिनं हात पुसले, फळ्यांकडे बघितलं,
म्हणाली, मग वर्षश्राद्ध कधी घालायचं?

आता मानशीला लोखंडी दार आहे, चाक फिरवलं की उघडतं.
कंत्राटदाराचा पोरगा भरतीची वेळ मोबाईलवर बघतो,
चुकत नाही.
दहाव्या महिन्याला मी एक नाव दिलंय.
चांगलं नाही जमलेलं.

शनिवारी बांधावर बसले.
चप्पल काढली, घड्याळ पर्समध्ये टाकलं.
एक कुर्ली डोळे काढी, आत जाई,
एकोणचाळीस शंका झाल्या.
चाळिसाव्या वेळी ती बाहेर आली
आणि आत गेलीच नाही.
ऊन कलंडलं, पणजीची शेवटची बस वळणावर वाजून गेली.
मी हललं नाही,
तीही नाही.