त्र्याहत्तरावं मिनिट

ज्या वर्षी दिर्सेउ ट्रक घेऊन रोन्दोनियाला गेला
त्याच वर्षी कन्सोलच्या डोळ्यात मोतीबिंदू उतरला.
तबकडी आत घातली की
दोनदा घसा खाकरायचा,
मग गप्प.
मी त्याच्यावर पीचच्या बरण्या मांडल्या.

अकरा वर्षं.

या जुलैत मिनुआनो वारा
पेलोतासच्या फटीफटीतून शिट्या घालत होता,
तेव्हा खालच्या मजल्यावरचा कावे वर आला.
हातात साबणाच्या वडीएवढी हार्ड डिस्क,
रबरबँड लावलेली.
म्हणाला, दोना निल्सेया,
लेन्स मेली म्हणून खेळ मरत नाही.
बरण्या उचला.

मेमरी कार्डात त्यानं काहीतरी भरलं.
याला होमब्रू म्हणतात.
म्हणजे घरी गाळलेलं, मी म्हटलं, कंपनीला न विचारता.
तो माझ्याकडे बघतच राहिला.
बावीस वर्षं कारखान्यात पीच सोलतेय, पोरा,
शिक्क्याचा डबा आणि आईची बरणी
यांतला फरक मला नको सांगूस.

डिस्क आधी कोरी करावी लागणार होती.
तिच्यावर त्याच्या आईचं लग्न होतं,
सव्वा तासाचं. ते त्यानं फोनमध्ये हलवलं,
मध्येच थांबून केक कोसळतो तेवढं मला दाखवलं.

राहिला खेळ.
तबकडी दिर्सेउकडे.
अकरा वर्षं तो म्हणत होता, माझ्याकडे नाही,
मी म्हणत होते, आहे.
आईच्या दफनाच्या वेळीही
पाद्रीबाबांच्या मागे उभं राहून आम्ही हेच कुजबुजलो.
परवा त्याचा आवाज आला फोनमध्ये,
मागे इंजिन चालू:
सापडली. सीटखाली. हसू नकोस.

दोन रात्री लागल्या तिला तिकडून इथवर यायला.
मग कावेनं तिचे तुकडे केले, एकेक जीबीचे,
जुन्या यंत्राला मोठा घास गिळवत नाही म्हणून.
आईला शेवटी शेवटी
पेज भरवायचो आम्ही, तशी.

आणि लागलं.
तेच हिरवं मैदान, तोच खोटा पाऊस,
पोटऱ्या तशाच चौकोनी.
फक्त वायर अरुंद, पाणी करंगळीएवढं येतं,
म्हणून समालोचक मागे पडतो.
गोल होऊन जातो,
खेळाडू मिठ्या मारून परत जागेवर जातात,
तेव्हा तो ओरडतो, गोऽऽल.
रोन्दोनियाचं घड्याळ आमच्याहून तासभर मागे आहे,
मला सवय आहे.

एक-शून्यने पुढे होते.
त्र्याहत्तराव्या मिनिटाला डाव्या कोपऱ्यातून चेंडू उचलला
आणि सगळं थिजलं.
गोलकीपर हवेत आडवा.
पाऊसही अर्ध्यावर.

वायर हलव, कावे म्हणाला. वायर हलवली.
पुन्हा पहिल्यापासून. पुन्हा त्र्याहत्तर.
तो फाइली तपासायला बसला,
मी काही बोलले नाही.
ओरखडा माझा होता.
शिमाराँवची नळी ठेवली होती मी तबकडीवर,
गरम, चांदीची, एका रविवारी,
आणि दिर्सेउला सांगितलं होतं,
तुझ्या ट्रकची धूळ.

जित्याची खोड मेल्यावाचून जात नाही, असं म्हणतात.
इथे लेन्स मेली, तबकडी अडगळीत गेली,
खोड मात्र तीन हजार किलोमीटर तारेतून
रात्रभर सरकत सरकत
जशीच्या तशी घरी आली.

फोन वाजला.
थांबली? त्यानं विचारलं.
थांबली.
त्र्याहत्तर?
हो.
बराच वेळ नुसतं इंजिन ऐकू येत होतं.
मग तो म्हणाला,
नळीचा डाग गोल असतो, निल्से,
धुळीचा नसतो.
मला तेव्हाच कळलं होतं.

त्याचं हसणं जरा उशिरानं पोचलं.

मी बटण दाबलं, पहिल्या मिनिटापासून.
बहात्तर मिनिटं आहेत की आमच्याकडे.
बरण्या अजून जमिनीवरच पडल्यात,
कावे त्यांच्यातूनच वाट काढत जातो-येतो.