लेखकांचा क्रम

थर्माकोलचा डबा मांडीवर. हुपरी-कोल्हापूर एसटी.
कंडक्टर वाकून बघतो, "मासं हाईत व्हय?"
"लघवी आहे. चाळीस बायकांची."
तो सुटे द्यायचे विसरून पुढं सरकतो
आणि माझ्या शेजारची सीट
स्टँड येईपर्यंत रिकामी राहते.

आम्ही अकरा जण आहोत यात.
बायोकेमिस्ट्रीच्या बागवान मॅडम,
कम्युनिटी मेडिसिनचे हेरवाडे सर,
विद्यापीठातले नेजकर, डॉक्टरच, पण औषधाचे नव्हेत;
त्यांच्या यंत्राला अब्जात एक कण धातू कळतो,
लाईट असेल तर.
पहिले चार महिने आम्हाला एकमेकांची भाषा येत नव्हती.
सर म्हणत पेशंट, नेजकर म्हणत सॅम्पल,
आकडेमोड करणारी इंगवल्यांची पोरगी म्हणे 'एन'.
चहाला तेवढं सगळे चहाच म्हणायचे.

एकशे सतरा नंबरची बाई पैंजणाला डाग देते.
मोहरीएवढं घुंगरू चिमट्यात धरून
गाल फुगवून ज्योत वाकवते
आणि तो धूर, निळसर, आधी तिच्याकडेच येतो.
संमतीपत्र मी वाचून दाखवलं:
'केव्हाही बाहेर पडण्याचा आपल्याला हक्क आहे.'
"कशातनं? ह्या धंद्यातनं?"
मी पुढचं कलम वाचलं.
सही वळणदार केली तिनं. नाव मी इथंही लिहीत नाही.

दीड वर्ष. तीनशे सहा बाटल्या.
ऐन दिवाळीत डीप फ्रीजर गेला, तेव्हा
ओळखीच्या आईस्क्रीमवाल्याकडे तीन रात्री
पिस्ता आणि मँगोच्या मधल्या कप्प्यात
आमचं संशोधन झोपलं होतं.
'पद्धती' या विभागात हे आलेलं नाही.

मग आकडा आला. शून्य पॉइंट शून्य सहा.
उंबरा शून्य पाचचा.
"एका शतांशानं बाहेर राहिलो, सर,"
इंगवल्यांची पोरगी स्क्रीनलाच म्हणाली.
हेरवाडे सर उठले, खिडकी उघडून आले.
आम्ही लिहिलं: अधिक अभ्यासाची गरज आहे.
हे वाक्य लिहायला पाच मिनिटं लागली.
कुणाचं नाव पहिलं, यात दोन संध्याकाळी गेल्या.
मी आभारात आहे. आडनावातलं एक अक्षर चुकून.

पण यादीची किल्ली बागवान मॅडमकडे होती.
एथिक्सची परवानगी आली तशी त्यांनी कपाट उघडलं,
नंबराचं पुन्हा माणूस केलं,
आणि आम्ही दोघी हुपरीला गेलो, डबा न घेता.

"माझं काय निघालं?"
मॅडमनी सांगितलं. खालच्या आवाजात, सगळं,
किडनीचं सुद्धा. कुठं दाखवायचं ते लिहून दिलं.
ज्योतीच्या वर एक झरोका पाडा म्हणाल्या.
"भिंत घरमालकाची हाय," ती म्हणाली.
थोड्या वेळानं: "तुमच्या यादीत मी कितवी?"
"एकशे सतरावी."
"लई मागं ऱ्हायली की," आणि हसली,
खोकला येईपर्यंत.

आम्ही उठलो. तिनं हात केला,
"थांबा, एक मुकं हाय ह्यात."
झालेला पैंजण कानाशी धरला, हलवला,
पुन्हा हलवला. मॅडम दारातच थांबल्या,
एक चप्पल घातलेली, एक नाही.
मलाही सगळी वाजल्यासारखीच वाटत होती.
ती ऐकत राहिली.