चौथ्या आपटीला

सुरीला तो दाद देणार नव्हता.
साल कसली, ढालच.
निळसर, राखी, अंगभर चामखिळी,
सतरा पौंडांचा हबर्ड भोपळा.
विळ्याभोपळ्याचं वैर म्हणतात;
इथं भोपळाच जास्त खुनशी निघाला.

"पोत्यात घाल आणि पायरीवर आपट,"
ओडिल खुर्चीतून म्हणाली.
तिचं उजवं मनगट प्लॅस्टरमध्ये,
प्लॅस्टरवर नातवानं काढलेला मूस,
पाच पायांचा.

बटाट्याचं जुनं पोतं घेऊन मी मागच्या दारी गेलो.
तिसऱ्या आपटीला दगडी पायरीचा टवका उडाला.
चौथ्या आपटीला भोपळा फुटला.
नदीपलीकडे, कॅनडात, एक कुत्रं भुंकलं.

आत इतकं केशरी होतं
की त्या करड्या अंगणात
मी उगाच थोडा वेळ उकिडवा बसून राहिलो.

"लोणी किती?"
"लागेल तेवढं."
"किती लागेल?"
"वासावरून कळतं."
एकेचाळीस वर्षं वास माझ्या नाकावरून गेला,
कळलं मात्र काही नव्हतं.
मी बटाटे पिकवणारा माणूस.
माझा हिशेब एकरांचा, पिंपांचा;
चिमूट हे माप माझ्या बोटांत मावत नाही.

सफरचंदं झिल्बेअरच्या गोठ्यामागची,
वेडीवाकडी, गालावर खपल्या असलेली.
"सालासकट चीर, नाहीतर लगदा होईल."
क्रॅनबेरी दोन मुठी.
एक निसटली, टणटणत चुलीखाली गेली.
"जाऊ दे. दर वर्षी एक जाते."
जायफळ किसताना अंगठ्याचं साल निघालं,
ते मी सांगितलं नाही.
वरून मेपलचा पाक, धार बारीक,
तिचा डावा हात हवेत:
थांब. थांब म्हटलं ना.

तासाभरानं खिडक्या घामेजल्या.
फळं भोपळ्यात विरघळून लाल पडली होती,
कडा करपायच्या बेतात.
मी काट्यावर एक फोड घेतली, फुंकर मारली,
तिच्यापुढे धरली.

तिनं तोंड फिरवलं.
"लेआंद्र, एक सांगू?
मला हे कधीच आवडलं नाही.
लग्नानंतरच्या पहिल्याच ऑक्टोबरात
तुझ्या आईनं हे भांडं माझ्या हातात दिलं.
म्हणाली, पोराचा जीव आहे यावर."

फोड काट्यावर निवत राहिली.

"माझा?
मी तर आईचं मन राखायला खायचो.
मग तुझं."

ओव्हन तापून टिकटिकत होता.
मला वाटलं, आता ती रडणार.
ती हसली. इतकी हसली
की प्लॅस्टर टेबलावर आपटलं,
आणि मग दुखलं म्हणून शिव्या दिल्या,
आमच्या फ्रेंचमध्ये, आजीकडून आलेल्या.

तरी भांडं टॉवेलात गुंडाळून
आम्ही चर्चच्या हॉलमध्ये नेलं.
न्यायचं असतं.
बर्नाडेट सिरनं तळ खरवडून खाल्ला.
"ओडिल, यंदा काहीतरी वेगळं केलंस गं.
जास्त छान झालंय."
ओडिल माझ्याकडे न बघता म्हणाली,
"यंदा नीट आपटलाय."

घरी येऊन आम्ही पाव खाल्ला, चीज खाल्लं.
रात्री मी बिया धुतल्या,
वर्तमानपत्रावर पसरल्या,
बोटानं एकेक सुटी करू लागलो.
"आता कशाला वाळवतोस?"
काय सांगणार. हात चालत राहिला.

ती खुर्ची ओढून जवळ आली.
दिव्याखाली वाकून बराच वेळ बघत बसली.
मग डाव्या हातानं, अवघडून, एक उचलली.
"ही पोकळ आहे," म्हणाली,
आणि बाजूला ठेवली.