अधीन राहून

गोळ्या पाडायचं यंत्र आमच्या कॉलेजात
पाहुण्यासारखं यायचं, मानवतहून,
छोट्या हत्तीत, वाकळेत गुंडाळून.
मी मागं बसायचो त्याला धरून.
सेलूत शिरेपर्यंत हातपाय मुंग्यांनी भरलेले.
रात्री त्याच्यावर आमच्या संस्थेचं नाव चिकटवायचं.
सकाळी समिती यायची
तवर डिंक ओलाच.

मी अंतेश्वर. प्रयोगशाळा परिचर.
कागदावर आम्ही चौघं आहोत.
उरलेले तिघं पण मीच.

यंदा परिषदेनं मान्यता काढली.
सचिव म्हणाले, काढू द्या की,
खंडपीठ कशाला आहे?
खंडपीठानं अंतरिम आदेश दिला
आणि साठ प्रवेश झाले,
साठ पावत्यांवर निळा शिक्का :
‘याचिकेच्या निकालाच्या अधीन राहून’.
शिक्का मीच मारला.
शेवटी शेवटी शाई उडाली,
नुसतं ‘अधीन’ उठायचं,
बाकीचं आपण समजून घ्यायचं.

आज बोर्डावर सत्तेचाळीस नंबर.
दैवशाला सोबत आलीय, कासाराची पोरगी,
पावती प्लास्टिकच्या पिशवीत,
पिशवी वहीत, वही छातीशी.
मामा, बारीक आवाजात विचारती,
आपलं नाव घेतील का?
तुझं नाही घेत बाई, संस्थेचं घेतात.
मग ती गप बसून ओठातल्या ओठात
औषधांची नावं घोकती,
शेजारचे म्हातारे वकील
तिला जप करायली समजून सरकून बसतात.

आतलं सगळं इंग्रजीतून.
मला कळालं ते इतकंच :
डेफिशियन्सी. इन्स्पेक्शन. पेज एकशे बारा.
एकदम सगळ्यांनी पानं उलटली,
कडब्यात शेळी शिरावी तसा आवाज झाला.
आमच्या वकिलाच्या खांद्यावरून मी पाहिलं.
यंत्राचा फोटो. त्याच्याखाली
मानवतच्या फायलीतला फोटो.
यंत्र तेच, नंबराची पट्टी तीच,
आणि दोन्हींत, कडेला, एक हात :
करंगळीचं नख अर्धं,
जे याच यंत्राखाली गेलं होतं
झरीच्या फाट्यावर, गचका बसला तेव्हा.

मी हात खिशात घातला.

न्यायमूर्तींनी चष्मा काढला.
हे यंत्र आज, या घडीला, कुठं आहे?
(हे मला नंतर मराठीत सांगितलं.)
परिषदेचे वकील खाली बघायले,
आमचे वकील सचिवांकडं, सचिव छताकडं.
एका मलाच माहीत होतं.
ते कुठंच नसतं, साहेब.
मानवतवाले त्याला पाथरीचं म्हणतात,
पाथरीवाले आमचं.
ते रस्त्यावरच असतं.

दोन आठवडे.
यंत्र ज्याच्या ताब्यात, त्यानं शपथपत्र द्यावं.
बाहेर जिन्यावर सचिवांनी पाठीवर हात ठेवला,
अकरा वर्षांत पहिल्यांदा.
अंतेश्वरराव म्हणाले.
मसुदा वकील करतील, तुम्ही फक्त सही.
अकरा वर्षांत ‘राव’ही पहिल्यांदाच.

परतीची गाडी जालन्याला बराच वेळ थांबली.
दैवशालानं बोटं मोजली :
परीक्षेचा अर्ज भरायला नऊ दिवस,
तारखेला चौदा.
पुन्हा मोजली, दुसऱ्या हातानं,
तरी चौदाच.
मी म्हणालो, डबा खा.
तिनं निम्मी भाकर मला दिली,
ठेचा सगळा स्वतःकडं ठेवला.

परतूर गेल्यावर म्हणाली,
मामा, ते यंत्र चालू केल्यावर
आवाज कसा येतो?
आमच्या पुस्तकात नुसतं चित्र आहे.

धरून आणलं, धरून नेलं.
त्याच्या वायरीला पिनच नव्हती,
समितीतल्या कुणी कधी विचारलं नाही.
पोरगी कान देऊन बसलेली.
मी खिडकीच्या गजावर
अर्ध्या नखाच्या बोटानं
वाजवून दाखवला,
ठक, ठक, ठक,
अंदाजानं.