संत्र्याची बी

पहिल्या दिवशी ट्रम्पेटला हात लावू दिला नाही.
गड्डीगोदामची माडी, मार्चातच लावलेला कूलर,
ओल्या वाळ्याचा वास.
त्यांनी संत्रं सोललं, फोड माझ्या हातावर ठेवली.
"खा. अन् बी थुंक. पार त्या कडुनिंबापर्यंत."
बी माझ्याच चपलेवर पडली.
"थुंकते कशाले पोरी, म्हण तिले: तू.
दर सुराची सुरुवात 'तू'नं होते.
'मी' म्हणून पाह्य, ओठ मिटतात."
आठवडाभर मी बिया उडवल्या.
आई म्हणाली, याची फी देतो आपण?

दारावर पाटी: बरनाबास सोनटक्के.
खाली कुणीतरी खडूनं लिहिलेलं: बँडवाला.
ते पुसत नसत.
म्हणत, खडूवाल्याचं अक्षर चांगलं आहे.

सतराव्या वर्षी अजनीच्या रेल्वे इन्स्टिट्यूटात,
नाताळच्या नाचाला, मागच्या खुर्चीवर, उसन्या कोटात.
मग कलकत्त्याच्या एका हॉटेलात सहा वर्षं,
जिथं जीव ओतून घेतलेल्या तानेनंतर
फक्त सुपाचे चमचे वाजत.
एक दिवस हॉटेलनं बँड काढला, गालिचा ठेवला.
मेलनं परत आले, मांडीवर पेटी.
उतरून आधी तर्री-पोहे खाल्ले,
मग लग्नसराईला लागले.

पंचवीस वर्षं वराती.
मे महिना, सत्तेचाळीस अंश, लाल कोट, गळ्याशी जर,
पितळ असं तापायचं की ओठाला चटका.
इतवारीच्या बोळात घोडा अडला
की मामेभावांना तेच गाणं चौथ्यांदा हवं.
"चौथ्यांदाच त मजा," सांगायचे.
"पहिल्या खेपेले गाणं त्याईचं असते.
चौथ्या खेपेले आपण त्याच्यात शिरून मागच्या दारानं निंगतो."
कुणाला कळायचं?
"घोड्याले," म्हणाले. हसले नाहीत.

जॅझ म्हणजे काय, मी एकदा विचारलंच.
त्यांनी अंगणात सायकल उलटी केली, पॅडल फिरवलं.
मागची रिम वाकडी, दर फेऱ्याला घासायची.
लांब, आखूड. लांब, आखूड.
"सारखे ठोके पाह्यजे असन त पोलीस लाइनीत जा."
मी वही काढली.
त्यांनी ती माझ्या हातातून घेतली आणि सायकलच्या सीटखाली,
जमिनीला टेकत होती तिथं, दाबून ठेवली.

हे सांगायचं राहिलं:
मी त्यांना वाजवताना कधी ऐकलं नाही.
वरचे पुढचे दोन दात मी येण्याआधीच्या हिवाळ्यात गेले,
ट्रम्पेट ज्यांच्यावर उभं राहतं तेच.
कवळी बसवली. तिच्यातून आलेला सूर ऐकून म्हणाले,
हा कोण माणूस?
पेटी मिटली. कुलूप नाही लावलं.
मला सगळं शिकवलं ते बोलून, बोटांनी टेबलावर,
कधी नुसत्या भुवईनं.
बीसुद्धा त्यांनी कधी उडवून दाखवली नाही.
तेव्हा मला वाटायचं, आळस.

आता मी कामठीच्या शाळेत बँड शिकवते.
सव्वीस जानेवारीला माझी पोरं किंचित लंगडत चालतात.
मुख्याध्यापिका दर वर्षी तक्रार लिहितात,
मी दर वर्षी सही करून परत देते.

मेयोच्या वॉर्डात, शेवटच्या आठवड्यात,
त्यांनी संत्रं मागितलं.
मे संपत आलेला. कॉटन मार्केट पालथं घातलं,
मोसंबी मिळाली.
कवळी वाटीत होती. फोड तोंडात बराच वेळ घोळवली.
शेजारच्या खाटेवरचा म्हातारा कण्हायचा थांबला होता.
मी मनात मोजत होते, एक, दोन, तीन,
चौथ्यावर यायला हवी होती.
आली नाही.

मग आली.
दोन वीत गेली असेल, चादरीवर पडली,
नर्स ओरडली.
उशीर झाला होता थोडा.
नेमका तेवढाच.